पाळीखालून गेलेलं मूळ

चैत सरता सरता भैयाजीच्या बरडीवरची निलगिरी कापून आडवी झाली. इतकी वर्षं खोडांच्या रांगांपलीकडचं काही दिसत नव्हतं. आता एकोडीच्या वाटेवरून थेट केवळरामची बोडी दिसू लागली. शेताच्या पोटात मातीची पाळ घालून अडवलेलं ते पावसाचं पाणी पार तळाला गेलं होतं. कडेचा गाळ वाळून त्याच्या खपल्या झाल्या होत्या आणि मधे एक डबकं तेवढं चमकत होतं.

ते डबकं रुखमिणीला पहिल्या दिवशीच दिसलं. पण तिला तिकडे पाहायला वेळ नव्हता. भैयाजीची बायको असली तरी ती मजुरणींच्या रांगेत बसून साल सोलत होती. कापल्या कापल्या सोललेली बरी, नाहीतर साल लाकडाला धरून बसते. इळ्याचं टोक आत घालायचं, हिसका द्यायचा, की हात-दीड हात लांबीची पट्टी सर्रकन निघून येई. आतलं खोड ओलं, पांढरं आणि गुळगुळीत, नुकत्याच जन्मलेल्या वासराच्या अंगासारखं. डोकेदुखीच्या मलमाचा वास सगळ्या बरडीवर पसरला होता. संध्याकाळी घरी गेल्यावर भाकरीलाही तोच वास यायचा.

बाकीच्या बायका गप्पांत साल सोलत. रुखमिणीच्या डोक्यात मात्र प्रश्न चालू असत. ठेकेदाराचा माणूस कमलेश थप्प्या मोजत फिरायचा. तो जवळ आला की ती विचारी. सोलायचं कशासाठी? साल राहिली तर कागदात काळे ठिपके येतात, असं त्याने सांगितलं. मग जाड बुंधे वेगळे का ठेवले? ते प्लायवूडवाल्यांना, वरचं बारीक तेवढं कागदाच्या मिलला. आणि आधी, निलगिरी नव्हती तेव्हा, मिल काय खात होती? कमलेश हसला. म्हणाला, "काकू, आधी बांबू खात होती. आता बांबू पुरून नाई राहिला, म्हणून तुमच्या बरडीवर आली."

घरी भैयाजी म्हणायचा, तुझ्या चौकशा कमलेशला भंडाऱ्यापर्यंत पुरतील. म्हणायचा हसूनच. तोही खुशीत होता. त्या मुरमाड तुकड्यात धान कधी झालं नव्हतं, तूर जेमतेम यायची. तिथे त्याने रोपं लावली तेव्हा गाव हसलं होतं. आता खुंटांना फुटवे येतील, ते वाढतील आणि काही वर्षांनी पुन्हा कापणी होईल, न लावता. ते खुंट त्याला उभ्या झाडांहून प्यारे झाले होते. सकाळी उठून तो त्यांच्यामधून चक्कर मारून यायचा.

अडचण आली ती रस्त्याची. बरडीपर्यंत पांदण नव्हती. बैलगाडी, ट्रॅक्टर, जे काही जायचं ते केवळरामच्या बांध्यांमधून, म्हणजे धानाच्या तुकड्यांमधून जायचं. केवळराम भैयाजीचा चुलत भाऊ, वयाने मोठा. बापजाद्यांपासून ही वाट चालत आलेली. थप्प्या लागल्या, कमलेशने मिलकडून गाड्यांचा नंबर लावून घेतला, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी पाहतात तर वाटेवर बाभळीच्या काट्यांचा ढीग पडलेला.

निरोप घेऊन केवळरामची बायको शकुनबाई आली. ती रुखमिणीची मोठी जाऊ. दोघींचं पटायचं. ती दारात उभी राहून, पदराशी चाळा करत म्हणाली, "खुंट उपटा, मंग गाडी न्या. हे त्याईचं म्हणणं हाये, माह्यं नाई."

म्हणणं जुनंच होतं. निलगिरी लागल्यापासून बोडीचं पाणी लवकर आटतं. आधी होळीपर्यंत भरपूर असायचं, आता संक्रांतीलाच तळ दिसतो. मागच्या साली शेवटच्या पाण्याला बोडी कमी पडली आणि खालच्या दोन बांध्यांमधलं धान लोंबीत असताना पोचट झालं. झाडं पाणी पितात. केवळराम हे चावडीवर बोलला होता, लग्नाच्या पंगतीत बोलला होता. भैयाजीनेही पंगतीतच उत्तर दिलं होतं, की पाऊस कमी पडतो त्याला माझी झाडं काय करतील. ज्याला बोडीतला गाळ काढायचा कंटाळा तो झाडांच्या नावाने रडतो. तेव्हापासून दोघा भावांचं बोलणं बंद होतं.

कमलेश घाईला आला. मिलचे दिवस ठरलेले असतात, गेले की गाडी मागं पडते. त्यात सोललेलं लाकूड उन्हात वाळून दिवसागणिक हलकं होत होतं आणि मिलमध्ये ते वजनकाट्यावरच जायचं होतं. तो दोनदा केवळरामकडे जाऊन आला. चहा मिळाला, वाट नाही मिळाली.

त्या रात्री जेवताना भैयाजी ताटावरच बोलत राहिला. निलगिरीचं मूळ सरळ खाली जातं, बाजूला जातच नाही, हे त्याला नर्सरीवाल्याने सांगितलं होतं.

"तुमी पायलं का?" रुखमिणीने विचारलं.

"मूळ काय पाहाची गोष्ट हाये?"

रुखमिणीने भाजी वाढली. पण प्रश्न तिच्या डोक्यातून जाईना. झाड पाणी पितं म्हणणारा एक, पीत नाही म्हणणारा एक, आणि गाव दोन्हीकडे वाटलेलं. आणि ज्या गोष्टीवरून भांडण, ती तिथेच मातीखाली पडलेली. कोणी वाकून पाहिलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी भैयाजी साकोलीला गेला. तहसीलमध्ये ओळखीचा एक माणूस होता, त्याला वाटेबद्दल विचारायला. रुखमिणी टिकास आणि घमेलं घेऊन बरडीवर गेली. बोडीच्या बाजूची शेवटची ओळ तिने धरली. तिथला एक बरा जाड खुंट निवडला आणि त्याच्या बुडाशी माती उकरायला सुरुवात केली.

खरं सांगायचं तर ती नवऱ्याच्या बाजूनेच खोदत होती. मूळ खाली जाताना दिसलं की शकुनबाईला बोलावून दाखवायचं, शकुनबाई घरी सांगेल, काट्या निघतील, असा तिचा हिशोब होता. वरचा मुरूम कडक होता. टिकास आपटली की ठिणगी उडायची आणि खांद्यापर्यंत झिणझिण्या यायच्या. सोलून सोलून बोटांच्या पेरांना चिरा पडल्या होत्या, त्यांत धूळ भरून आग होत होती. हातभर खोदल्यावर मुळं दिसली. एक खाली गेलेलं होतं, भैयाजी म्हणायचा तसं. ते पाहून ती थांबली असती तरी चाललं असतं. पण त्याच्या शेजारून मनगटाएवढं दुसरं निघालं होतं आणि ते खाली न जाता आडवं चाललं होतं. कुठे चाललं होतं ते पाहिल्याशिवाय तिला उठवेना.

ती त्याच्या मागं लागली. मूळ मुरमाच्या थराखालून वाट काढत गेलं होतं, कुठे खडकाला वळसा घालून, कुठे बोटाएवढं बारीक होऊन. एका ठिकाणी ते हरवलंच. तिने भोवती उकरून पाहिलं आणि वीतभर खाली ते पुन्हा सापडलं. नाली लांबत गेली. ऊन डोक्यावर आलं. तिने बांधलेली भाकर खाल्ली नाही, सोबत आणलेलं पाणी तेवढं प्यायली. दोन बैलगाड्या मागेपुढे उभ्या राहतील एवढी नाली झाली तेव्हा टिकास पाळीच्या मऊ मातीत शिरली. मूळ सरळ पाळीखाली गेलं होतं.

पाळ खोदणं शक्य नव्हतं. दुसऱ्याची पाळ, ती फोडली तर पावसाळ्यात बोडीच वाहून जाईल. ती पाळीवर चढली, आत उतरली आणि अंदाजाने वाळलेल्या गाळात खोदू लागली. वरची खपली मोडली तसा खालचा गाळ ओला लागला. आणि त्या गाळात केसांसारखी, लालसर, गुंतागुंतीची बारीक मुळं होती. मूठ भरून तिने बाहेर ओढली. मूठ दाबली तर बोटांच्या फटीतून पाणी ठिबकलं.

"सापडलं वो बाई," ती आपल्याशीच बोलली. तिला खरंच आनंद झाला होता. इतक्या लांबून, आंधळ्यासारखं, मुरूम आणि पाळ ओलांडून ते नेमकं पाण्यापाशी आलं होतं. त्याला पाण्याचा पत्ता कोणी सांगितला असेल?

मग तिच्या लक्षात आलं की आपण काय शोधून काढलं आहे.

ती पाळीच्या आतल्या उतारावर बसली. आजूबाजूला कोणी नव्हतं. दुपारच्या उन्हात ढोरंसुद्धा सावलीला होती. नाली बुजवायला खोदण्याएवढा वेळ लागला नसता. भैयाजीला साकोलीत काहीतरी तोड सापडेल, वाट मिळेल, गाड्या जातील. तिने उठून पायाने थोडी माती समोरच्या खड्ड्यात ढकललीही. पण हाताला ते ओलं मूळ लागलं होतं, आणि हे कोणाला तरी दाखवल्यावाचून आज झोप येणार नाही हे तिला कळत होतं.

तेवढ्यात पाळीच्या वरून बकरीचा आवाज आला आणि मागोमाग केवळरामचा. लग्न होऊन आली तेव्हापासून रुखमिणी आपल्या ह्या भासऱ्याशी, नवऱ्याच्या मोठ्या भावाशी, समोरासमोर एक शब्द बोलली नव्हती, ना तो तिच्याशी. काही सांगायचं असलं तर मधे शकुनबाई असे, नाहीतर एखादं पोर. दोघंही नसली की केवळराम भिंतीला सांगे. आज त्याने बकरीला धरलं.

"काय वो बकरे," तो पाळीवर उभा राहून म्हणाला, "आपल्या बोडीत काय खोदणं चालू हाये? इच्यार बरं."

रुखमिणीने सवयीने पदर पुढे ओढला. बकरी बाभळीच्या शेंगा खात होती. मग रुखमिणी पदराआडून, पण स्पष्ट, म्हणाली, "भाऊजी, इकडं या. पाहा."

केवळराम दचकला. खाली उतरला, पण दोन हात लांब थांबला. तिने मुळांची मूठ गाळावर ठेवली आणि ती बाजूला झाली, तेव्हा तो पुढे आला. उकिडवा बसून त्याने मुळं हातात घेतली, दाबली, पाणी ठिबकलेलं पाहिलं. मग पाळ चढून पलीकडे उतरला, नालीच्या काठाने मूळ हाताने चाचपत चाचपत खुंटापर्यंत गेला आणि तसाच परत आला. त्याचं धोतर मुरमाने लाल झालं होतं.

रुखमिणीला वाटलं, आता तो गावाला बोलावेल. एवढी वर्षं ज्याला लोकांनी कटकट्या म्हटलं तो खरा ठरला होता. पण त्याचा चेहरा जिंकल्यासारखा दिसत नव्हता. तो पुन्हा खाली बसला.

"येवढ्या दुरून आलं?"

"हो जी."

"मी नुस्ता म्हणत होतो," केवळराम म्हणाला. "मले तरी कुठं मालूम होतं."

त्याने मुळांची मूठ पुन्हा उचलली. मग बकरीकडे न पाहता, तिच्याकडेच पाहून त्याने विचारलं, "सगळ्याईचंच असं अशीन का?"

हा प्रश्न रुखमिणीच्याही मनात होता. केवळराम घरी जाऊन सब्बल घेऊन आला, सोबत शकुनबाई आली. तिने नवऱ्याला आणि जावेला एका खड्ड्याशी पाहिलं आणि तोंडाला पदर लावला. पण तीही घमेलं घेऊन कामाला लागली. त्यांनी बरडीच्या मधल्या ओळीतला एक खुंट धरला. केवळराम सब्बलीने मुरूम फोडी, रुखमिणी टिकासने ओढी, शकुनबाई माती उचले. तिथलं आडवं मूळ थोडं अंतर गेलं आणि एका कठीण थराशी येऊन खाली वळलं. बोडीच्या बाजूला आलंच नाही. पलीकडच्या ओळीतलं आणखी एक पाहिलं, तेही तसंच निघालं. केवळराम प्रत्येक वेळी मान हलवत होता आणि पुढचा खुंट दाखवत होता. त्याला दम लागत होता, तरी थांबत नव्हता.

शेवटी सब्बल टेकवून तो म्हणाला, "पाळीकडच्या दोन ओळीच काढा. बाकीच्या राहू द्या. त्याईबद्दल माह्यं काही म्हणणं नाई."

याच वेळी भैयाजी साकोलीहून आला. त्याने मोटारसायकल काट्यांपाशी लावली आणि पायी बरडीवर आला. आपली बायको मातीने माखून मोठ्या भावाशी समोरासमोर बोलत उभी आहे, शेजारी नाली बोडीपर्यंत गेलेली आहे, हे त्याने पाहिलं. कोणी काही सांगायची गरज नव्हती. तो नालीच्या काठाने चालत पाळीपर्यंत गेला. तिथून परत आला तेव्हा त्याचे कान लाल झाले होते. केवळरामने त्याला भैया म्हणून हाक मारली, ती त्याने ऐकली नाही.

रात्री तो एवढंच बोलला, "अख्ख्या गावात मी त्याले खोटा म्हणत फिरलो. अन् घरच्याच माणसानं खड्डा खोदून मले त्यात उभा केला."

रुखमिणीने सांगितलं असतं की मी तुमच्याच बाजूने खोदत होते, तर ते त्याला जास्तच लागलं असतं. तिने ताट वाढलं, त्याने ते अर्धं टाकलं.

सकाळी काट्या बाजूला झाल्या होत्या. केवळरामने रातोरात त्या स्वतःच ओढल्या होत्या, हाताला रुतलेले काटे शकुनबाई सुईने काढत होती. दुपारी पहिला ट्रक बांध्यांमधून डुलत आला. जाड बुंध्यांची गाडी वेगळी भरली, बारीक लाकडाच्या गाड्या वेगळ्या. हमाल खांद्यावर पोत्याची घडी घालून दोन-दोन दांडे उचलत होते. कमलेशने सांगितलं की मालकाने एकदा मिलच्या वजनकाट्यावर सोबत यावं, म्हणजे पुढे बोलणं राहत नाही. भैयाजी आंब्याखाली बसून होता. तो तिथूनच रुखमिणीला म्हणाला, "तूच जाय. तुलेच लय पाहाचं असते."

तो टोमणा होता. पण रुखमिणीने तो सरळच घेतला. तिने हातपाय धुतले, दुसरं लुगडं नेसलं आणि शकुनबाईला विचारलं. शकुनबाईने केवळरामला विचारलं, केवळराम म्हणाला, जा. पहाटे दोघी जावा भरल्या ट्रकच्या कॅबिनमध्ये चढल्या. कमलेश मोटारसायकलवर पुढे निघाला.

लाखांदूर, वडसा, ब्रह्मपुरी मागं पडत गेलं. ड्रायव्हर उतारवयाचा, बोलका माणूस होता. रुखमिणी विचारत गेली, तो सांगत गेला. तो या लायनीत आला तेव्हा फक्त बांबू वाहायचा, गडचिरोलीच्या जंगलातला. मग एका साली कुठे कुठे बांबू फुलला आणि फुलून मेला. मधे काही वर्षं जंगलाचा माल कमी कमी होत गेला. मग शेतकऱ्यांच्या बांधावरची सुबाभूळ सुरू झाली, मग निलगिरी. आता तर तेलंगणाकडूनही गाड्या येतात, आणि भाव चढला की सगळे लावतात, पडला की सगळे शिव्या देतात. शकुनबाई अर्ध्या वाटेत झोपली. रुखमिणीची पापणी लवली नाही.

मिलच्या बाहेर ट्रकांची रांग पार वळणापर्यंत गेली होती. वास वेगळाच होता, उकडलेल्या, आंबलेल्या कशाचा तरी. फाटकातून आतलं मैदान दिसायचं. तिथे लाकडाचे डोंगर होते, तिच्या बरडीच्या कितीतरी पट उंच. आपलं लाकूड त्यात पडल्यावर आपलं म्हणून ओळखू येणार नाही, हे तिला तिथेच समजलं. सोललेलं लाकूड सगळं सारखंच दिसत होतं.

नंबर यायला वेळ होता. ड्रायव्हरने चादर पसरली. रुखमिणी खाली उतरली आणि रांगेतल्या गाड्यांच्या कडेने चालू लागली. शकुनबाई तिच्या मागे. कोणत्या गाडीत काय आहे, कुठून आलं, हे ती विचारत होती. एका ट्रकच्या सावलीत पांढऱ्या मिशांचा एक शेतकरी बसला होता. तेलंगणाच्या हद्दीवरचा. त्याची मराठी मोडकी होती, पण समजत होती. त्याच्या गाडीतही निलगिरीच होती. रुखमिणीने सुरुवातीला पाऊसपाण्याचं विचारलं, मग सरळ विषयाला आली.

"तुमच्याकडं इहिरी आटतात का, या झाडानं?"

म्हातारा हसला. म्हणाला, आटते म्हणतात. भांडणं आहेत. त्याच्या शेजाऱ्याने तर कोर्टात केस टाकली.

"मूळ कुठवर जाते?"

म्हाताऱ्याने हात पसरले. कोणाला माहीत?

"खोदून पायलं नाई?"

नाही, त्याने मान हलवली. त्याने नाही, शेजाऱ्याने नाही, वकिलाने नाही. मग त्याने तिच्याकडे नीट पाहिलं आणि विचारलं, तू पाहिलं? किती लांब गेलं होतं?

रुखमिणी शब्द शोधू लागली, पण शकुनबाई पुढे झाली. तिने ट्रकच्या चाकापाशी पाय ठेवला आणि धुळीतून पावलं टाकत निघाली, एक गाडी ओलांडून, दुसरीच्या अर्ध्यापर्यंत. तिथे थांबून वळली आणि पदर सावरत म्हणाली, "इथवर. मंग पाळ. पाळीच्या खालून गेलं."

रांगेतले दोन-तीन ड्रायव्हर उठून पाहायला आले. म्हातारा उभा राहिला होता. चाकापासून शकुनबाईच्या पायांपर्यंत त्याची नजर गेली आणि परत आली. आपल्या विहिरीपासून आपली शेवटची ओळ किती लांब आहे, हे तो मनात मोजत असावा.

तेवढ्यात रुखमिणीचा फोन वाजला. भैयाजी होता. कालच्या टोमण्यानंतर तो तिच्याशी बोलला नव्हता. आताही काट्याचं, वजनाचं त्याने काही विचारलं नाही. पलीकडे टिकास आपटल्याचा आवाज येत होता. बोलताना त्याला धाप लागत होती.

"आयक," तो म्हणाला, "पाळीकडच्या ओळीतला कोपऱ्यातला खुंट हाये नाई? त्याचं मूळ इथं येऊन फुटलं. दोन फाटे झाले. एक बोडीकडं गेलं, एक बांधावरच्या मोहाच्या झाडाकडं. कोणतं धरू?"

रुखमिणीने फोन दुसऱ्या कानाला लावला. रांग हलू लागली होती, मागच्या गाडीने हॉर्न दिला.

"दोन्ही धरा," ती म्हणाली.

"एकट्यानं कसं होईन?"

"मोठे भाऊजी नाईत का तिथं?"

पलीकडे टिकास पुन्हा आपटली. मग भैयाजी म्हणाला, "हाये ना. तो मोहाकडून खोदत येऊन राहिला."